पहिल्या क्रमांकाच्या शहरात खराटा कोणाच्या हातात?

९ सप्टेंबर २०२५ रोजी दिल्लीत स्वच्छ वायू सर्वेक्षणाचे निकाल जाहीर झाले आणि ३ ते १० लाख लोकसंख्येच्या शहरांत अमरावती देशात पहिली आली. २०२३ मध्येही ती पहिली होती, २०२४ मध्ये दुसरी. अमरावतीकर म्हणून मलाही आनंद झाला. व्हॉट्सॲपवर फिरणारे अभिनंदनाचे संदेश मीही पुढे पाठवले. आता २३ फेब्रुवारीला गाडगेबाबांच्या जन्माला १५० वर्षे पूर्ण होत आहेत. बाबांचा जन्म आपल्याच जिल्ह्यातल्या शेंडगावचा, समाधी अमरावतीत, विद्यापीठही त्यांच्या नावाचे. तेव्हा या पहिल्या क्रमांकाचा उल्लेख जवळपास प्रत्येक व्यासपीठावरून होणार. त्याआधी थोडे बोलून घेऊ.

हा क्रमांक नेमका कशाचा आहे? २०१९ मध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय स्वच्छ हवा कार्यक्रमात देशातली १३० शहरे आहेत. अमरावती आणि अकोला दोन्ही त्यात आहेत, आणि ती आली ती हवेतली धूळ मानकापेक्षा जास्त होती म्हणून. या शहरांना गुण मिळतात ते कचरा जाळणे, रस्त्यावरची धूळ, बांधकामाचा राडारोडा, वाहनांचा आणि कारखान्यांचा धूर, जनजागृती अशा मुद्द्यांवर. शहर स्वतःची माहिती स्वतः भरते, मग तिची तपासणी होते. हवेतली धूळ प्रत्यक्षात किती घटली, याचा वाटा त्या गुणांत फार थोडा आहे. म्हणजे हा प्रयत्नांचा क्रमांक आहे. तो खोटा आहे असे मी म्हणत नाही, प्रयत्न मोजलेच पाहिजेत. पण 'रस्त्यावरची धूळ' हा सरकारी तक्त्यातला एक रकाना असला, तरी ती धूळ रोज पहाटे कोणाच्या तरी नाकातोंडात जाते. त्या माणसासाठी तक्त्यात रकाना नाही.

गेल्या वर्षी १५ एप्रिलला पहाटे मी इर्विन चौकात होतो. आदल्या रात्रीची जयंतीची मिरवणूक संपलेली. रस्त्यावर पाण्याचे पाऊच, पत्रावळी, फटाक्यांचे कागद, निळ्या पताकांचे तुकडे. बाबासाहेबांच्या पुतळ्यासमोर पाच-सहा बायका खराट्याने ते गोळा करत होत्या. त्यातल्या चौघी आपल्याच वस्त्यांतल्या. रात्री त्याही मिरवणुकीत होत्या, आणि चार तास झोपून हजेरीवर आल्या होत्या. सप्टेंबरमध्ये निकाल लागल्यावर त्यांच्यातल्या एका ताईला मुद्दाम भेटलो. म्हणाल्या, "भाऊ, हवा पयली आली म्हंतेत. आमाले तं मास्क करोनातच भेटला होता." पगार किती, भविष्य निर्वाह निधी कापतात का, कापून कुठे भरतात, यातले त्यांना काही ठाऊक नव्हते. मुकादम सांगेल तो पगार.

या कामात कोण आहे, हे सांगायला आता सरकारी आकडाच आहे. गटारे आणि सेप्टिक टँक साफ करणाऱ्यांची नोंदणी केंद्राच्या 'नमस्ते' योजनेत सुरू झाली. २०२४ पर्यंत नोंदवलेल्या सुमारे ३८ हजार कामगारांत जवळपास ६९ टक्के अनुसूचित जातींचे होते. आदिवासी आणि ओबीसी धरले तर हा आकडा ९२ टक्क्यांच्या आसपास जातो. खुल्या प्रवर्गातले सुमारे ८ टक्के. समाजशास्त्राच्या वर्गात जात आणि व्यवसायाचे नाते शिकवताना जुनी पुस्तके काढावी लागतात, इथे ते नाते चालू वर्षाच्या नोंदवहीत आहे.

गाडगेबाबांची आठवण काढताना मला हाच फरक महत्त्वाचा वाटतो. बाबांनी खराटा स्वतः उचलला. गावात यायचे, आधी गाव झाडायचे, मग रात्री कीर्तनात लोकांच्या डोक्यातला कचरा काढायचे. पंढरपूरची चोखामेळा धर्मशाळा त्यांनी बाबासाहेबांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीला दिली, कारण पुढचे काम शिक्षणाचे आहे हे त्यांना कळत होते. बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण ६ डिसेंबर १९५६ चे, आणि २० डिसेंबरला बाबा गेले. आज व्यासपीठावर पाहुण्यांच्या हातात पाच मिनिटे नवा कोरा झाडू दिला जातो, फोटो निघतो. ज्यांच्या हातात तो जन्माने आला, त्या बायका तेव्हा मंडपामागे उभ्या असतात.

जन्माने हा शब्द मी सैलपणे वापरत नाही. लाड-पागे समितीच्या शिफारशींनुसार महाराष्ट्रात सफाई कामगार निवृत्त झाला किंवा दगावला की त्याच्या वारसाला नोकरी मिळते. या हक्कासाठी कुटुंबे कोर्टापर्यंत लढतात आणि मी त्यांना अजिबात दोष देत नाही. घरात कायम पगार येण्याची ती एकच खिडकी असते. पण पदवी घेतलेला मुलगा बापाच्या जागी लागतो आणि आपण पेढे वाटतो, तेव्हा पोटात कालवाकालव होते. दुसरीकडे कायम पदे भरली जात नाहीत आणि काम ठेक्याने दिले जाते. ठेक्यातल्या ताईला तर हा वारसाही नाही.

मुंबईत यावर लढाई झाली आहे आणि ती जिंकलेलीही आहे. कचरा वाहतूक श्रमिक संघाने महापालिकेच्या २,७०० कंत्राटी सफाई कामगारांना कायम करण्याचा निकाल २०१४ मध्ये औद्योगिक न्यायाधिकरणात मिळवला आणि ७ एप्रिल २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो कायम ठेवला. आपल्या विदर्भातल्या किती कार्यकर्त्यांना हा निकाल माहीत आहे? शिबिरात विचारतो तेव्हा दोन-तीन हात वर होतात.

स्वच्छ शहरांची चर्चा निघाली की सिंगापूरचे नाव येतेच. तिथे १९६८ पासून मोहीम आहे, कचरा टाकला की दंड आहे, हे आपले अधिकारी आवर्जून सांगतात. पण तिथे २०१४ पासून सफाई कंपनीला परवाना हवा असेल तर कामगारांना ठरलेल्या वेतनश्रेणीप्रमाणे पगार द्यावाच लागतो, हे कोणी सांगत नाही. (ती श्रेणी तिथले नागरिक आणि कायम रहिवासी यांच्यासाठी आहे, बाहेरून आलेल्या मजुरांसाठी नाही, हेही खरे.) रवांडातल्या किगालीत महिन्याच्या शेवटच्या शनिवारी सगळ्यांनी सार्वजनिक कामाला उतरायचे असते. प्लास्टिक पिशव्यांवर बंदी २००८ पासून. त्याच शहरात रस्त्यावर राहणाऱ्यांना उचलून कोंडून ठेवल्याच्या नोंदी ह्यूमन राइट्स वॉचने केल्या आहेत. शहर चकचकीत दिसावे म्हणून गरीब माणूसच नजरेआड करायचा, हाही स्वच्छतेचा एक प्रकार असतो.

किगालीचे वाचताना अकोला आठवते. १३ जानेवारी २०१८ ला मोर्णा नदीच्या काठावर सहा हजारांवर लोक उतरले होते. त्याच महिन्यात पंतप्रधानांनी 'मन की बात'मध्ये मोर्णेचा उल्लेख केला. आपली बरीच पोरे तेव्हा गुडघाभर चिखलात होती आणि त्यांची मेहनत खरी होती. पण शहराचे सांडपाणी नदीत येत राहिले, जलकुंभीही परत आली. अमरावतीचा सुकळी कंपोस्ट डेपो आणि अकोल्याचे नायगाव डम्पिंग ग्राउंड यांच्या शेजारी कोणाच्या वस्त्या आहेत, हे या लेखाच्या वाचकांना मी सांगायला नको.

आणि आपण बौद्ध आहोत म्हणून हा प्रश्न आपोआप सुटेल, असेही नाही. जपान बौद्ध परंपरेचा देश. तिथे मुले आपली शाळा स्वतः झाडतात, याचे कौतुक मलाही आहे. पण कातडी कमावणाऱ्या बुराकू समाजाला १८७१ मध्ये कायद्याने समान ठरवूनही भेद उरला, आणि तिथल्या काही बौद्ध मंदिरांनी त्यांच्या मृतांना हलक्या अर्थाची धर्मनावे दिली. आपल्याकडे पाहा. राजगृहात झाडलोट करणाऱ्या सुनीताला भगवान बुद्धांनी संघात घेतले, ही गोष्ट आपण विहारात सांगतो. पण मेहतर-वाल्मीकी वस्तीत आपल्यातले कितीजण जेवायला बसतात? १९५६ नंतर आपल्या आजोबांनी मेलेली ढोरे ओढणे सोडले, त्यासाठी बहिष्कार सोसला. आज सफाईचा ठेका घेणाऱ्यांत, बायकांचा पगार दाबणाऱ्यांत आपलीही काही नावे आहेत. वर्गणीच्या पावतीवर ती छापलेली असतात, म्हणून आपण गप्प बसतो.

चार वर्षांच्या प्रशासक राजवटीनंतर १५ जानेवारीला दोन्ही महापालिकांची निवडणूक झाली. आपल्या प्रभागात आता नगरसेवक आहेत आणि अर्थसंकल्पाचे दिवस आहेत. आमच्या गटाने माहिती अधिकारात एक अर्ज तयार केला आहे. सफाईच्या ठेक्याच्या कराराची प्रत, त्यात लिहिलेली कामगारसंख्या आणि प्रत्यक्ष हजेरीपत्रक, भविष्य निर्वाह निधी आणि ईएसआयसी भरल्याची चलने, वर्षभरात वाटलेले मास्क, हातमोजे आणि बूट यांची नोंद. ठेकेदाराने पगार बुडवला तर तो देण्याची जबाबदारी मूळ मालक म्हणून महापालिकेवर येते. हे १९७० च्या कायद्यात होते, २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या श्रमसंहितेतही आहे. आणि गटारात मृत्यू झाला तर ३० लाखांची भरपाई, हा सर्वोच्च न्यायालयाचा २० ऑक्टोबर २०२३ चा निकाल खिशात ठेवा.

अकोल्याच्या मित्रांनी हाच अर्ज तिथे द्यायचे ठरवले आहे. यंदा १५ एप्रिलला पहाटे पाच वाजता आम्ही इर्विन चौकात जमणार आहोत, आपलाच कचरा आपण उचलायला. ताईंना सांगितले तर हसल्या. म्हणाल्या, "या बाप्पा, पण मायी हजेरी लागू द्या पयले. न्हाई तं मुकादम म्हनंन, काम तं पोरायनंच केलं."