चित्र आमचे, पडदा कोणाचा?

चित्रपटाच्या पडद्यावर आमच्या घरचे कोण दिसते? राजे दिसतात, शेठजी दिसतात, देवांचे तर पेवच फुटले आहे. नांगर धरणारा, भाता ओढणारा, पाट्या वाहणारी दिसलीच तर गाण्यामागे शोभेपुरती!

या बाजारात आनंद पटवर्धन नावाच्या गृहस्थाने १९७४ च्या बिहार आंदोलनापासून कॅमेरा उलट्या दिशेने धरला. आडनाव ऐकताच आमच्यातील काहींच्या कपाळावर आठी पडेल. पडो बापडी! आम्ही माणूस कामावरून जोखतो. कुळावरून जोखण्याचा धंदा दुसऱ्यांचा आहे.

त्यांच्या १९८५ च्या ‘हमारा शहर’ या चित्रात मुंबईतील झोपड्या पाडल्या जाताना दिसतात. ज्यांनी शहर बांधले त्यांनाच शहरात जागा नाही! त्यात एक गरीब बाई चित्रकर्त्यालाच खडसावते, की आमची चित्रे काढून तू नाव मिळवशील, आमच्या पदरात काय पडणार? दुसरा कोणी असता तर हा तुकडा कापून टाकता. यांनी तो ठेवला. येथेच आमचा विश्वास बसला.

११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. लोक रस्त्यावर आले आणि राखीव पोलिसांच्या गोळ्यांनी दहा जीव गेले. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. ‘हमारा शहर’मध्ये याच शाहिराचा आवाज घुमला होता. पटवर्धनांनी पुढची चौदा वर्षे त्या वेदनेचा माग काढला. २०११ साली ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा झाला. बाईच्या प्रश्नाला याहून सरळ उत्तर कोणते?

आता सत्तेची रीत पाहा. अणुबाँबच्या वेडावरील ‘जंग और अमन’ला सेन्सॉरने कात्री लावू पाहिली, २००३ साली मुंबई उच्च न्यायालयाने ती रोखली. ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ दूरदर्शनने दाखवावा म्हणून २००६ साली सर्वोच्च न्यायालयाला हुकूम द्यावा लागला. दूरदर्शन चालते रयतेच्या पैशावर आणि रयतेचेच दुःख दाखवावयास कोर्टाची पायरी चढावी लागते! याला लोकराज्य म्हणावे काय?

बंधुभगिनींनो, नुसत्या टाळ्या पिटून भागणार नाही. चावडीसमोर, तालमीत, पारावर चादर बांधा आणि ही चित्रे दाखवा. बायकांना पुढे बसवा. चित्र संपल्यावर उठू नका, वाद घाला. आणि एक गोष्ट पक्की ध्यानात ठेवा: परक्याच्या लेखणीने लिहिलेल्या आमच्या इतिहासाने आम्ही पिढ्यान्‌पिढ्या नागवलो गेलो. आज घराघरांत मोबाईल आहे, त्यात कॅमेरा आहे. बाजारात भाव पाडणारा दलाल, मजुरी बुडवणारा मुकादम, पाणवठ्यावर अडवणारा पाटील यांची चित्रे आमच्याच पोरापोरींनी टिपावीत. एका पटवर्धनांनी किती काळ आमचे डोळे व्हावे? डोळे आम्हालाही आहेत. ते उघडावयाचे तेवढे बाकी आहे.