उलटीच्या गोळीला मुदत हवी

औषधाच्या दुकानात ‘पित्ताची गोळी द्या’ म्हटले की काउंटरपलीकडून प्रश्न येतो, ‘साधी देऊ की डी वाली?’ गिऱ्हाईक डी वाली मागते. चार पैसे जास्त पडले तर गुणही जास्त येणार, हा आपला जुना हिशेब. हा ‘डी’ म्हणजे डोम्पेरिडोन. साध्या गोळीत आम्ल कमी करणारे पँटोप्राझोल किंवा राबेप्राझोल असते. डी वालीत त्याच्या जोडीला उलटी थांबवणारे आणि जठरातले अन्न लवकर पुढे ढकलणारे हे दुसरे औषध असते. आपण दोन औषधे घेतो आहोत हेच कित्येकांना ठाऊक नसते. महिनोन् महिने, काही घरांत वर्षानुवर्षे, रोज सकाळी चहाच्या आधी ही जोडी पोटात जाते.

डोम्पेरिडोन चांगले औषध आहे, पण तो चार दिवसांचा पाहुणा आहे. त्याला घरजावई करून ठेवले, एवढाच माझा आक्षेप. आणि या आक्षेपाला जी उत्तरे ठेवणीतली म्हणून दिली जातात, त्यांतले एकही टिकत नाही.

पहिले उत्तर अनुभवाचे. ‘इतकी वर्षे लोक घेतात, कुणाला काय झालंय?’ काय झाले ते कळायला आधी शोधावे लागते. या औषधाचा सर्वांत गंभीर धोका हृदयाच्या लयीला आहे. प्रत्येक ठोक्यानंतर हृदयाच्या पेशी विजेच्या दृष्टीने पूर्वपदावर येतात, तेव्हा पोटॅशियम त्यांच्यातून एका विशिष्ट वाटेने बाहेर पडते. डोम्पेरिडोन ती वाट काही प्रमाणात अडवते. ईसीजीवर क्यूटी नावाचे अंतर लांबते आणि क्वचित एखाद्याची लय अशी बिघडते की माणूस जागच्या जागी कोसळतो. अशा मृत्यूनंतर शवविच्छेदनात फारसे काही हाती लागत नाही. विजेतला बिघाड मागे खूण ठेवत नाही. सत्तरीच्या आजोबांच्या बाबतीत असे झाले तर घरचे ‘झोपेत अटॅक आला’ म्हणतात आणि उशाशी असलेल्या पाकिटाकडे कुणाचे लक्ष जात नाही. हे दर दुसऱ्या माणसाला होते असे मी म्हणत नाही. ते दुर्मीळ आहे. पण जे औषध लाखो लोक गरज नसताना घेतात, त्याच्या बाबतीत दुर्मीळ हा शब्द फारसा दिलासा देत नाही.

दुसरे उत्तर जरा शास्त्रीय थाटाचे असते : डोम्पेरिडोन मेंदूत शिरत नाही, म्हणून ते निर्धोक. यातला पहिला भाग बऱ्याच अंशी खरा आहे आणि तीच या औषधाची खुबी आहे. उलटीची सूचना देणारे मेंदूतले एक ठाणे रक्त आणि मेंदू यांच्यामधल्या तटबंदीच्या बाहेर बसलेले आहे. बेल्जियममधल्या यान्सेन कंपनीत १९७४ साली तयार झालेले हे औषध तट न ओलांडता त्या ठाण्यावर डोपामिन या निरोप्या रसायनाचा परिणाम रोखते. पण हृदय काही तटाच्या आत नाही. नसेतून द्यायचे डोम्पेरिडोन १९८०च्या दशकातच मागे घ्यावे लागले ते याच कारणाने. पियुषिका ग्रंथीही तटाबाहेरच. तिथे डोपामिनचा लगाम सुटला की दूध आणणारे संप्रेरक प्रोलॅक्टिन वाढते. मग पाळी चुकते, बाळंतपण नसताना स्तनांतून दूध येते. पुरुषांनाही छाती दुखण्याचा, वाढण्याचा त्रास होतो. प्रोलॅक्टिन वाढलेले दिसले की मेंदूत गाठ असेल या धास्तीने बाई एमआरआयच्या बोगद्यात जाऊन पडते. ‘पित्तासाठी काय घेता?’ हा फुकटचा प्रश्न मात्र राहून जातो.

आता मात्रेकडे पाहू. युरोपच्या औषध नियामकांनी २०१४ साली सगळा पुरावा तपासून ठरवले की डोम्पेरिडोन फक्त मळमळ आणि उलटीसाठी वापरावे, एका वेळी १० मिलिग्रॅम, दिवसातून जास्तीत जास्त तीनदा, आणि साधारणपणे एका आठवड्यापेक्षा जास्त नाही. पोट फुगणे आणि छातीतली जळजळ हे उपयोग त्यांनी यादीतून काढून टाकले. आपल्याकडची नेहमीची कॅप्सूल घ्या. पाठीमागे अगदी बारीक अक्षरात छापलेले असते : पँटोप्राझोल ४० मिलिग्रॅम, डोम्पेरिडोन ३० मिलिग्रॅम, हळूहळू विरघळणारे. म्हणजे एका कॅप्सूलमध्येच दिवसाची कमाल मर्यादा गाठली. चिठ्ठीवर ‘सकाळ-संध्याकाळ’ लिहिले की ती दुप्पट झाली. आणि ज्या जळजळीसाठी ही गोळी घेतली, तो उपयोग तर यादीत उरलेलाच नाही! साठीच्या पुढच्या आणि दिवसाला ३० मिलिग्रॅमपेक्षा जास्त घेणाऱ्या माणसांना हृदयाचा धोका अधिक, हेही त्याच तपासणीत नोंदले आहे. आपल्याकडे कायमची डी वाली घेणारे बरेचसे यांतल्या एका तरी वर्णनात बसतात.

तिसरे उत्तर सर्वांत लाडके : ‘बाकीची औषधं गरम पडतात, म्हणून सोबत पोटाला आधार दिलाय.’ याच आधाराने घोटाळा वाढतो. यकृतातले जे विकर डोम्पेरिडोनचा निचरा करते, ते क्लॅरिथ्रोमायसिन, एरिथ्रोमायसिन, इट्राकोनॅझोल ही औषधे बंद पाडतात. मग रक्तातले डोम्पेरिडोन चढत जाते. गेली काही वर्षे महाराष्ट्रात गजकर्ण आणि नायट्याने लोकांना हैराण केले आहे. त्यावर आठवडेच्या आठवडे इट्राकोनॅझोल चालते, आणि चिठ्ठीत शेवटच्या ओळीला ‘आधार’ असतोच. गंमत अशी की इट्राकोनॅझोलच्या साध्या कॅप्सूलला अंगात भिनायला जठरातले आम्ल लागते. आधाराच्या गोळीतले पहिले औषध ते आम्ल काढून घेते, दुसरे हृदयावरचा भार वाढवते. खाज तशीच राहते.

‘आपलं सरकार काही झोपलंय का? धोका असता तर बंदी घातली असती,’ हेही ऐकायला मिळते. सिसाप्राइड आठवा. जठर रिकामे करणारे हे औषध हृदयाच्या लयीच्या बिघाडामुळे अमेरिकेच्या बाजारातून २००० साली गेले. तोवर तिथे ८० मृत्यूंच्या नोंदी झाल्या होत्या. भारतात त्यावर बंदी आली २०११ साली. आपल्या केंद्र सरकारने २०१६ साली ३४४ आणि २०१८ साली ३२८ मिश्र औषधांना चाप लावायचा प्रयत्न केला, आणि तरी ही आम्लशामक-डोम्पेरिडोनची जोडी जवळजवळ प्रत्येक कंपनीच्या नावाने विकली जाते. बंदी नाही याचा अर्थ निर्धोक, असे मानायला आपला इतिहास परवानगी देत नाही.

पण आता दुसऱ्या टोकाच्या मंडळींकडेही वळले पाहिजे. ‘अमेरिकेत बंदी असलेलं विष भारतात विकतात!’ असा मजकूर मोबाइलवर फिरतो आणि तो वाचून घाबरलेली माणसे सगळीच औषधे फेकून देतात. वस्तुस्थिती अशी की अमेरिकेत डोम्पेरिडोनला मुळात मंजुरीच मिळाली नव्हती. २००४ साली तिथल्या नियामकांनी दूध वाढवण्यासाठी ते घेण्याविरुद्ध इशारा दिला, पण जठराची हालचाल मंदावलेल्या काही रुग्णांना विशेष परवानगीने ते तिथेही मिळते. शिवाय त्याला पर्याय म्हणून अमेरिकेने जे स्वीकारले ते मेटोक्लोप्रमाइड काही गोगलगाय नाही. ते तट ओलांडून मेंदूत शिरते. आपल्या दवाखान्यांत उलटी झाली की त्याचे इंजेक्शन टोचायची पद्धत आहे. सोळा-सतरा वर्षांची मुलगी घरी येते आणि काही तासांत तिची मान एका बाजूला वळते, जबडा आवळतो, डोळे वर चढून तिथेच अडकतात. शुद्ध मात्र शाबूत असते; ती सगळे ऐकत असते. घरात कुणी धनुर्वात म्हणते, कुणी फिट म्हणते, कुणी अंगारा आणायला धावते. वास्तविक योग्य इंजेक्शनने हा प्रकार थोड्याच वेळात सुटतो. फक्त आधी काय टोचले होते ते डॉक्टरांना सांगावे लागते. महिनोन् महिने घेतले तर मात्र ओठ-जिभेच्या कायमच्या वेड्यावाकड्या हालचाली जडू शकतात. म्हणून २००९ साली अमेरिकेने त्याच्या वेष्टनावर चौकटीतला इशारा छापायला लावला आणि २०१३ साली युरोपने पाच दिवसांची मर्यादा घातली. लेव्होसल्पिराइड हे याच घराण्यातले. आपल्याकडे गॅससाठी ते सर्रास दिले जाते. त्याने हात थरथरू लागले, चाल मंदावली की पार्किन्सनचे औषध सुरू होते, आणि गॅसची गोळीही चालूच राहते.

भीतीपोटी चांगले औषध घालवल्याचेही उदाहरण आहे. गरोदरपणातल्या उलट्यांवरचे डॉक्सिलामिन आणि बी-६ हे मिश्रण अमेरिकेत खटल्यांच्या माऱ्यापुढे कंपनीने १९८३ साली मागे घेतले. बाळात व्यंग येते हा आरोप पुराव्यावर टिकला नाही. २०१३ साली तेच मिश्रण तिथे नव्या नावाने परत आले. मधल्या तीस वर्षांत तिथल्या कितीतरी गरोदर बायका उगाच ओकत राहिल्या. ‘उलटी थांबवू नये, पित्त पडू द्यावं’ म्हणणाऱ्यांनी केमोथेरपीच्या वॉर्डात एक दिवस बसावे. १९९१ साली अमेरिकेत ऑन्डान्सेट्रॉन आले तेव्हा कर्करोगाचे उपचार अर्धवट सोडणाऱ्या कित्येकांना ते पुरे करता आले. जुलाब-उलट्यांनी कोमेजलेल्या मुलाला त्याचा एक डोस दिला की चमच्याचमच्याने पाजलेले ओआरएस पोटात टिकते आणि सलाइन टळते. क्यूटीचा दोष त्यालाही आहे, पण एका डोसात तो सहसा आड येत नाही. वरंधा घाटात गाडी लागणाऱ्याने निघण्यापूर्वी घेतलेली ॲव्होमिन, मधुमेहात जठर मंदावलेल्याला तज्ज्ञाने ईसीजी पाहून दिलेले डोम्पेरिडोन, हे सगळे रास्त. या प्रत्येक ठिकाणी औषध कशासाठी आणि कधीपर्यंत, हे आधी ठरलेले असते.

डी वालीला ते ठरलेले नसते. म्हणून माझी मागणी साधी आहे. आम्लशामक आणि डोम्पेरिडोन यांची एका कॅप्सूलमधली मोट औषध नियंत्रकांनी मोडावी; ज्याला दोन्ही हवीत त्याला डॉक्टर दोन वेगळी लिहून देतील. तोवर पाकिटाच्या दर्शनी भागावर ‘सात दिवसांपेक्षा जास्त नको’ हे मराठीत, ठळक छापावे. डॉक्टरांनी चिठ्ठीत सुरू करण्याच्या तारखेबरोबर थांबवण्याची तारीखही लिहावी. आणि ज्यांच्या घरी ही कॅप्सूल रोज चालू आहे त्यांनी, विशेषतः साठी ओलांडली असेल, हृदयविकार असेल किंवा गजकर्णाचे औषध सुरू असेल तर, पुढच्या भेटीची वाट न पाहता पाकीट घेऊन डॉक्टरांकडे जावे. ही कॅप्सूल घेत असताना एकाएकी चक्कर आली, छातीत धडधडले किंवा शुद्ध हरपली, तर त्याच दिवशी ईसीजी काढून घ्यावा.