जमीनदाराला भुतं शिक्षा करणार, मग कायदा कशाला?

बुधवार पेठेत दगडूशेठ गणपतीसमोर भिडे वाडा होता. 1 जानेवारी 1848 रोजी जोतीराव आणि सावित्रीमाईंनी तिथे मुलींची शाळा काढली. डिसेंबर 2023 मध्ये तो मोडकळीला आलेला वाडा स्मारकासाठी पाडला गेला. त्या स्मारकात काय असावं याबद्दल आमचं एक म्हणणं आहे. पण आधी टीव्हीचं बोलू.

2020 च्या जानेवारीत सोनी मराठीवर 'सावित्रीजोती' मालिका सुरू झाली आणि टीआरपीअभावी त्याच वर्षी बंद पडली. झी मराठीवरच्या 'रात्रीस खेळ चाले'चा मात्र 2021 मध्ये तिसरा भाग आला. त्यातला अण्णा नाईक कोण? गावावर दहशत, बायकांवर वाईट नजर, गड्यामाणसांना शिव्या आणि आडवा येईल त्याचा खून. अस्सल सरंजामदार! आणि आमचीच पोरं अण्णा-शेवंताचे मीम्स कौतुकाने पाठवत बसली.

कुणी म्हणेल, अण्णाला शेवटी फळ मिळतंच की. मिळतं, पण देतं कोण? त्याने मारलेल्यांची भुतं! म्हणजे गरिबाने जिवंतपणी पोलीस ठाण्याची पायरी चढायची नाही, संघटना बांधायची नाही. मरायचं, भूत व्हायचं आणि मग न्याय मिळवायचा. वाड्यावरच्या मालकाला याहून सोयीची गोष्ट कोणती? जमीन कुणाची, मजुरी किती, गावात तक्रार घ्यायला कुणी का धजत नाही, हे प्रश्न पडद्यावर येतच नाहीत. सगळा अत्याचार करणीत आणि शापात विरघळून जातो.

'लोकांना हेच हवं असतं' हा युक्तिवाद आम्हाला ऐकवू नका. बाबासाहेबांवरची मालिका 2019-20 मध्ये स्टार प्रवाहवर घराघरांत पाहिली गेली.

ही भीती विकणं निरुपद्रवी मनोरंजन नाही. जादूटोणाविरोधी कायद्यासाठी वर्षानुवर्षं झगडणाऱ्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांना 20 ऑगस्ट 2013 रोजी याच पुण्यात, महर्षी विठ्ठल रामजी शिंदे पुलावर गोळ्या घातल्या. भिडे वाड्याच्या जागेपासून तो पूल चालत जाण्याइतका जवळ. खुनानंतर काही दिवसांत अध्यादेश निघाला. तोवर सरकार झोपलं होतं.

जोतीरावांनी हाच विषय 1855 मध्ये 'तृतीय रत्न' नाटकात घेतला होता. गरोदर कुणबी बाईला ग्रहांची भीती घालून भट जोशी तिला आणि तिच्या नवऱ्याला लुबाडतो. तिथे भूत नाही, शाप नाही. भीतीचा धंदा आहे आणि त्याचा हिशेब आहे. शेवटी ते जोडपं फुल्यांच्या रात्रशाळेत शिकायला निघतं. दक्षिणा प्राइज कमिटीने नाटक नाकारलं. ते छापून यायला शंभराहून जास्त वर्षं लागली. त्या काळी टीआरपी नव्हता, कमिटी होती, एवढाच फरक.

म्हणून आमची मागणी आहे: भिडे वाड्याच्या स्मारकात नुसते पुतळे आणि फोटो नकोत. तिथे 'तृतीय रत्न'चे नियमित, मोफत प्रयोग व्हावेत. आणि ते होईपर्यंत आपल्या वस्तीतल्या बुद्धविहारात, जयंतीच्या मंडपात हे नाटक उभं करू या. डीजेच्या खर्चात चार प्रयोग सहज होतील. यंदा कोणती वस्ती करणार, सांगा.