न्यायालयाच्या दारातील जोडपी

चंदीगढच्या कॅपिटल कॉम्प्लेक्समध्ये ल कॉर्बुझिए या वास्तुशिल्पकाराने घडवलेली पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयाची इमारत आहे. हे नगर परंपरेच्या जोखडातून मुक्त असावे, असा पंडित नेहरूंचा मानस होता. त्याच नगरातील न्यायालयात आज स्वतःच्या पसंतीने विवाह केलेली जोडपी सख्ख्या नातेवाइकांपासून संरक्षण मागायला येतात. वयाचे दाखले, विवाहाचे छायाचित्र आणि मनातली भीती, एवढीच त्यांची शिदोरी. संविधानाच्या 21व्या अनुच्छेदाने जगण्याचा जो हक्क दिला आहे, त्यासाठी पुन्हा अर्ज करावा लागावा, हे मला विपरीत वाटते.

ती भीती निराधार नाही. 2007 साली हरियाणातील एका सगोत्र जोडप्याची पोलीस संरक्षण मिळूनही हत्या झाली. प्रौढांच्या विवाहात खाप पंचायतींचा हस्तक्षेप बेकायदेशीर असल्याचा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने 2018 साली दिला.

तथापि परंपरा म्हणजे केवळ जाच नव्हे. भावाच्या मनगटावरची राखी, बाळंतपणाचे माहेर, हीही परंपराच. संरक्षण मागणाऱ्या मुलीला तीही हवी असते. पण ती देणे न्यायाधीशांच्या हाती नाही. आदेशाची प्रत घेऊन बाहेर पडलेली ही मुलगी राखीपौर्णिमेला कोणत्या गावच्या गाडीत बसेल?