गाडीची पाटी बघून सांगितलेला इतिहास

म्हैसूरच्या एका दिवसाच्या सहली आखणाऱ्या सर्वांना, आणि श्रीरंगपट्टणातल्या जुन्या वास्तू ज्यांच्या हवाली आहेत त्या साहेबांना,



मी तासगावची. आमचा बेदाण्याचा व्यवहार आहे. हंगाम आटोपला की वर्षातून एकदा घराला कुलूप लावून कुठेतरी जायचं, असा आमचा रिवाज. मागच्या खेपेस म्हैसूर-उटी केलं, एका सहल कंपनीबरोबर. कंपनीचं नाव लिहीत नाही, कारण जेवण उत्तम होतं, गाडी वेळेवर होती आणि सासूबाईंच्या गुडघ्यांची काळजी टूर मॅनेजरने घरच्या मुलासारखी घेतली. तक्रार आहे ती एका गावापुरती. कागदावर ते गाव आम्हाला दाखवून झालं आहे, प्रत्यक्षात आम्ही ते पाहिलेलं नाही.

सकाळी साडेआठला गाडी निघाली. श्रीरंगपट्टणात रंगनाथस्वामींचं दर्शन अर्धा तास, टिपू सुलतानाची कबर असलेला गुंबज वीस मिनिटं, त्याचा दर्या दौलत महाल पंचवीस मिनिटं. टिपू सुलतान जिथे पडला ती जागा चालत्या गाडीतून, "डावीकडे बघा, डावीकडे." डावीकडच्यांना दिसली, आम्ही उजवीकडे होतो. मग जेवण. मग रेशमी साड्यांच्या दुकानात एक तास दहा मिनिटं. हे मी घड्याळ लावून सांगते आहे. साडी मीही घेतली, खोटं कशाला बोलू. पण ज्या गावातल्या राजवटीशी इंग्रजांची तीस-बत्तीस वर्षांत चार युद्धं झाली त्याला सव्वा तास आणि साडीला सत्तर मिनिटं, हा हिशेब आमच्या धंद्यात कुणी मान्य करणार नाही.

मला हे लागलं त्याला कारण आहे. रंगनाथाच्या देवळापुढे गोपुराकडे मान वर करून बघताना मला आमचा गणपती आठवला. तासगावच्या गणपतीला सात मजली गोपुर आहे. सांगली जिल्ह्यात दाक्षिणात्य गोपुर कुठून आलं, असं पाहुणे विचारतात आणि आम्ही सवयीने सांगतो की परशुरामभाऊ पटवर्धन कर्नाटकाच्या स्वाऱ्यांत जात, तिकडची देवळं बघून त्यांनी हे बांधलं. लहानपणापासून पाठ झालेलं वाक्य. त्या सकाळी पहिल्यांदा वाटलं, अरे, भाऊ आले होते ते इथे. ज्या देवळापुढे मी चप्पल सांभाळत उभी आहे त्याच्या तटाबाहेर त्यांची फौज होती.

गाइडला विचारलं, मराठे इथे आले होते ना? भला माणूस. हिंदी चांगली, आवाज खणखणीत. म्हणाला, "हां हां, मराठा और टिपू, दुश्मनी थी." आणि पुढे चालू लागला. आम्हाला त्याने टिपूच्या क्रौर्याच्या तीन गोष्टी सांगितल्या. गुंबजच्या पायऱ्यांशी मी पाणी प्यायला मागे राहिले, तर हाच माणूस दुसऱ्या गाडीतल्या लोकांना शेर-ए-म्हैसूर, अग्निबाण आणि टिपूचा मंत्री मीर सादिक याची दगाबाजी रंगवून सांगत होता. तिथे क्रौर्याचा शब्द नाही. मी हसून विचारलं, खरं कुठलं? तोही हसला. म्हणाला, गाडीची पाटी बघतो मॅडम. एमएच असेल तर एक, केए असेल तर दुसरं, केरळची असेल तर तिसरं. लोक खूश तर टिप बरी.

त्याला मी दोष देत नाही. गाडीमागे ठरलेली रक्कम आणि वर टिप, यावर ज्याचं घर चालतं त्याने पाटी बघायची नाही तर काय बघायचं? दोष हा रोजगार असा बांधणाऱ्यांचा आहे, म्हणून हे पत्र तुम्हाला.

एमएच पाटीच्या गाडीत काय सांगायला हवं होतं, ते आता मीच सांगते. परत आल्यावर बेदाण्याच्या वह्यांबरोबर इतिहासाचीही पुस्तकं काढून बसले होते.

मे 1791. इंग्रजांचा लॉर्ड कॉर्नवालिस टिपूशी लढत श्रीरंगपट्टणच्या तोंडाशी येऊन पोचला होता, पण पोटाने हरला. पाऊस, रोगराई, बैल मेलेले, दाणा संपलेला. वेढ्याच्या जड तोफा स्वतःच्याच हाताने निकामी करून त्याला माघारी वळावं लागलं. त्याच वाटेवर मेलकोट्याजवळ, या युद्धात इंग्रजांच्या बाजूने असलेले पेशव्यांचे सरदार हरिपंत फडके आणि परशुरामभाऊ त्याला येऊन मिळाले. उशिरा आले, कारण भाऊ सहा महिने धारवाडच्या किल्ल्यापुढे अडकून पडले होते. पण बरोबर काय आणलं? बाजार! मराठ्यांच्या छावणीबरोबर चालणारा तो बाजार बघून इंग्रज अंमलदार चक्रावले. धान्य तर होतंच, शिवाय विलायती बनातीपासून काश्मिरी शालींपर्यंत सगळं मांडलेलं. भाव अर्थातच चढे. उपाशी गिऱ्हाईक दारात उभं असताना आमच्या लोकांनी भाव उतरवला असता तरच मला नवल वाटलं असतं. त्या बाजाराने इंग्रजी फौज जगवली. पुढच्या वर्षी तीच फौज परत आली, आणि मार्च 1792 मध्ये टिपूला अर्धं राज्य, तीन कोटी तीस लाख रुपये आणि दोन कोवळे मुलगे ओलीस द्यावे लागले. त्या अर्ध्या राज्यातला वाटा पेशव्यांनी घेतला, निजामाने घेतला. गाइड मुलांची गोष्ट सांगतो तेव्हा फक्त इंग्रजांचं नाव घेतो. आम्हाला बरं वाटावं म्हणूनच असेल.

त्याच 1791 सालातली आणखी एक गोष्ट आमच्याच माणसांची. रघुनाथराव पटवर्धनांच्या फौजेबरोबरच्या लमाण-पेंढाऱ्यांनी शृंगेरीचा शारदा मठ लुटला. मठाच्या स्वामींनी टिपूकडे मदत मागितली आणि टिपूने ती पाठवली. टिपूने त्या वेळी मठाला लिहिलेली कानडी पत्रं 1916 मध्ये मठातच सापडली. आणि ज्या मेलकोट्यापाशी आमचा बाजार भरला, तिथल्या मंड्यम अय्यंगारांच्या घरांत नरकचतुर्दशीला दिवाळी होत नाही. टिपूने आपल्या पूर्वजांना मारलं ही आठवण ते पिढ्यान् पिढ्या धरून आहेत. दोन्ही गोष्टी एकाच गाडीत, एकाच दमात सांगता येतात. ऐकणाऱ्याला थोडं अवघड जाईल. जाऊ द्या की. चाळीस-चाळीस हजार भरून आम्ही गुळगुळीत ऐकायलाच आलो आहोत, असं तुम्ही का धरून चालता?

आमच्या गाडीत मडगावचं एक जोडपं होतं. त्यांना तर कुणी काहीच सांगितलं नाही. 1784 मध्ये टिपूने कानडा किनाऱ्यावरच्या हजारो कोकणी ख्रिस्ती लोकांना घरंदारं सोडायला लावून इथे आणलं, त्यांचा बंदिवास 1799 मध्ये किल्ला पडला तेव्हा संपला. वाटेत आणि इथे किती मेले यावर आजही वाद आहे. या लोकांतले कित्येक मुळात गोव्यातून तिकडे गेलेले. ती दोघं दर्या दौलतच्या हिरवळीवर सेल्फी काढत होती. काढू देत, पण माहीत असून काढले असते तर निराळं.

दर्या दौलतबद्दल वेगळं लिहायलाच हवं. सागवानी महाल, 1784 सालचा, उन्हापासून रंग जपायला चहूबाजूंनी पडदे सोडलेले. पश्चिमेच्या भिंतीवर इंग्रज हरले ती 1780 ची पोल्लिलूरची लढाई: लाल डगल्यांचा चौकोनी व्यूह, मधे पालखीत जखमी कर्नल बेली, दारूगोळ्याचा भडका. मधल्या काळात ही भिंत चुन्याखाली गेली, ती पुन्हा रंगवून घ्यायला लावली डलहौसीने. ज्याने सातारा आणि नागपूर खालसा केलं तोच. पूर्वेच्या भिंतीवर त्या काळच्या राजांचे दरबार आहेत, त्यांत पेशव्यांचाही आहे. पुण्याची बारा माणसं आमच्या गाडीत होती. सगळी पेशव्यांच्या पुढून पाठ करून निघून गेली, कारण मॅनेजरची शिट्टी वाजली.

आणि त्या महालात पुढे कोण राहिलं? 4 मे 1799 ला किल्ला इंग्रजांच्या हाती पडला, रात्रभर लूट झाली, आणि दोन दिवसांनी गावाचा ताबा दिला गेला इंग्रज अंमलदार आर्थर वेलस्लीकडे. लुटारूंना फासावर चढवून आणि फटके मारून त्याने गाव शांत केलं, मग दर्या दौलतमध्ये बिऱ्हाड केलं. किल्ला पडताना टिपूच्या तुरुंगातून धोंडजी वाघ नावाचा मराठा निसटला. त्याने फौज जमवून वेलस्लीला वर्षभर रानोमाळ पळवलं आणि सप्टेंबर 1800 मध्ये तो मारला गेला. आपल्या मुलखातल्या फौजेचा पाठलाग कसा करायचा, रसद कशी चालवायची, हे वेलस्ली या धावपळीत शिकला. टिपूच्या अमृतमहाल बैलांचे कळप आता ईस्ट इंडिया कंपनीचे झाले होते. 1803 मध्ये तोच वेलस्ली म्हैसूरचे स्वार घेऊन पुण्याला आला, ऑगस्टमध्ये अहमदनगरचा किल्ला घेतला आणि 23 सप्टेंबरला असईला शिंदे-भोसल्यांचा पराभव केला. जालना जिल्ह्यातल्या त्या माळाकडे जाणारी वाट श्रीरंगपट्टणातून निघते. 1791 मध्ये ज्यांना आम्ही धान्य विकलं ते बारा वर्षांत आमच्या दारात आले. ही एवढी गोष्ट जरी आमच्या गाडीत कुणी सांगितली असती, तरी सव्वा तासाबद्दल मी चकार शब्द काढला नसता.

दुसऱ्या दिवशी उटीचा कार्यक्रम सोडून मी आणि यजमान रिक्षाने परत आलो. सासूबाई म्हणाल्या, मीही. पश्चिमेच्या कोपऱ्यावर जिथे तटाला खिंडार पडलं तिथून नदीचं पात्र बघितलं. खडकाळ, उथळ. 1799 मध्ये इंग्रजांना घाई होती ती याचसाठी, पावसाने कावेरी भरली असती तर वेढा उठवावा लागला असता. हल्ला काढला तो भर दुपारी एकच्या सुमाराला. पुढे होता डेव्हिड बेअर्ड, पोल्लिलूरला पकडला जाऊन याच गावात साडेतीन वर्षांवर कैद भोगलेला. काही मिनिटांत ते लोक खिंडारावर चढले. तिथून उत्तरेच्या तटाच्या कडेने, रेल्वेरूळ ओलांडून, टिपूचं प्रेत सापडलं त्या दगडापर्यंत आम्ही चालत गेलो. सासूबाईंच्या गुडघ्यांनिशी, वाटेत दोनदा बसून, पाऊण तास लागला. त्या पाऊण तासात मला जे समजलं ते आदल्या दिवशीच्या चारी थांब्यांत समजलं नव्हतं. वाटेत सावली नाही, बसायला बाक नाही, आणि खिंडार कुठलं ते सांगणारी धड पाटी आमच्या नजरेस पडली नाही. एका शेळीवाल्या आजोबांनी हाताने दाखवलं.

तेव्हा मागणं थोडकं आहे. सहलवाल्यांनी वृंदावनच्या कारंज्यांच्या दिवशी श्रीरंगपट्टण कोंबू नये, त्याला अर्धा दिवस द्यावा. गाइडला गाडीमागे नाही, तासामागे पैसे द्यावेत आणि टिपेची पेटी सहलीच्या शेवटी सगळ्यांसाठी एकच फिरवावी, म्हणजे पाटी बघायची गरज उरणार नाही. आणि वास्तूंच्या साहेबांनी खिंडारापासून त्या दगडापर्यंत चालायची वाट आखावी, चार झाडं, चार बाक, आणि पाट्या कानडी-इंग्रजीबरोबर मराठी-मल्याळम-कोकणीतही. खर्चाचं म्हणाल, तर 2017 मध्ये रेल्वेच्या दुसऱ्या रुळासाठी याच गावातलं टिपूचं दारूकोठार अख्खंच्या अख्खं उचलून पलीकडे सरकवलं गेलं. ते जमलं, तर चार बाक जमतील.

पुढच्या मे महिन्यात आम्ही पुन्हा येतो आहोत, यावेळी तासगावातली अठरा माणसं. तारीख 4 ठरवली आहे आणि चालायला दुपारी एकलाच सुरुवात करणार आहोत. तोच गाइड मोकळा असेल तर आधी कळवा, त्याचे चार तासांचे पैसे आम्ही आगाऊ पाठवू. साडीच्या दुकानाला यंदा सुट्टी.

आपली,
तासगावची एक प्रवासी