ताजबागेचा गंध आणि मराठी संशोधनाची दृष्टी

मराठी वाङ्मयाच्या अभ्यासात इस्लामचा विचार प्रायः ग्रंथांच्या आधारे होत आला आहे. शेख महंमदांचा ‘योगसंग्राम’, शाह मुंतोजींची रचना आणि या परंपरेवरील डॉ. रा. चिं. ढेरे व डॉ. यू. म. पठाण यांचे संशोधन यांचे मोल निर्विवाद आहे. तथापि, जे लिहिले गेले तेवढेच टिकले, असा समज या पद्धतीतून नकळत रूढ झाला. धर्म ग्रंथात असतो तसाच तो नाक, कान आणि स्पर्श यांतूनही पिढ्यान्‌पिढ्या संक्रांत होतो.

नागपूरचे ताजुद्दीन बाबा हे याचे ठळक उदाहरण होय. १८६१ मध्ये कामठीस जन्मलेल्या बाबांना १८९२ मध्ये नागपूरच्या वेड्यांच्या इस्पितळात ठेवण्यात आले. १९०८ मध्ये राजे रघुजीराव भोसले यांनी त्यांना तेथून सोडवून शक्करदऱ्याच्या राजवाड्यात आणले. १७ ऑगस्ट १९२५ रोजी त्यांचा देहान्त झाला. चरित्र एवढे सांगते. परंतु ताजबागेत येणाऱ्या सर्वधर्मीय भाविकांजवळ जे साठलेले असते ते निराळे: लोभानाचा धूर, गुलाबाच्या पाकळ्या, चादरीचा स्पर्श, कव्वालीचा ठेका, मजारीवर चढणारा संदल.

या स्मृतीला स्वतःचे कालगणित आहे. बाबांची पुण्यतिथी मोहरमच्या २६ तारखेस येते आणि चांद्रवर्षामुळे ती ऋतूंमधून फिरत राहते. १९२५ मध्ये ती पावसाळ्यात होती, २००८ मध्ये फेब्रुवारीच्या आरंभी आली, २०२५ मध्ये पुन्हा जुलैत. साहजिकच एका पिढीच्या आठवणीत लोभानासोबत ओल्या मातीचा वास असतो, तर दुसरीच्या आठवणीत थंडीतली रात्र. कोणत्याही पोथीत हा भेद सापडणार नाही.

मानवशास्त्राने ही दिशा पूर्वीच ओळखली. तलाल असद यांनी १९८६ मध्ये इस्लामकडे एक संवादी परंपरा म्हणून पाहण्याचा आग्रह धरला. चार्ल्स हर्शकाइंड यांनी २००६ च्या ग्रंथात कैरोतील प्रवचनांच्या ध्वनिफिती ऐकणाऱ्यांचा अभ्यास करून, श्रवणातून धर्मवृत्ती कशी घडते, हे दाखविले.

येथे एक सावधगिरी अवश्य बाळगली पाहिजे. इंद्रियानुभव सामायिक असला म्हणजे सलोखा सिद्ध झाला, हा निष्कर्ष भाबडा ठरेल. संदलाचा गंध ज्याला पवित्र वाटतो, त्यालाच अजानचा ध्वनी किंवा शेजारच्या स्वयंपाकघरातील वास परका वाटू शकतो. इंद्रिये जोडतात तशी तोडतातही. म्हणून अभ्यासकाने ऐक्याचे गोडवे गाण्याऐवजी कोणता अनुभव आपला मानला गेला आणि कोणता नाकारला गेला, याची नोंद घ्यावी.

उरूस, संदल, ऊद, लोभान, मलिदा, डोला, सवारी हे शब्द मराठीत केव्हाच रुळले आहेत. कोशात त्यांचे अर्थ मिळतात. त्यांमागील अनुभव मात्र वयोवृद्धांच्या बोलण्यातच उरला आहे. तो टिपण्याचे काम मराठी विभागांनी हाती घेतले पाहिजे. हस्तलिखित शंभर वर्षे कपाटात वाट पाहू शकते, माणसाची स्मृती तेवढे थांबत नाही.