अल्जीरियातला मुसलमान कोणती भाषा बोलतो?

मराठीत लिहिणाऱ्या मुसलमानाला एक प्रश्न हमखास विचारला जातो: "तुमची भाषा तर उर्दू ना?" हिंदू मित्र कुतूहलाने विचारतात, तर आपल्यातले काही तक्रारीच्या सुरात. हा प्रश्न ऐकला की मला अल्जीरिया आठवतो.

अल्जीरियाला आपण अरब देश म्हणतो. पण तिथल्या काबिलिया, ओरेस, म्झाब या भागांतले लाखो लोक घरात अरबी नव्हे, तमाझिग्त बोलतात. या अमाझिग लोकांना जग 'बर्बर' म्हणून ओळखते. अरब येण्यापूर्वीपासून ते तिथे राहतात आणि शतकानुशतके बहुसंख्येने मुसलमान आहेत.

१८३० मध्ये फ्रान्सने अल्जियर्स जिंकले आणि पुढे १३२ वर्षे राज्य केले. १९३८ मध्ये तर सरकारी आदेशाने अरबी भाषाच परकी ठरवली. अब्दुल हमीद इब्न बादीस यांच्या उलेमा संघटनेने त्याविरुद्ध इस्लाम, अरबी आणि अल्जीरिया यांची सांगड घातली. त्या काळात ते योग्यच होते.

१ नोव्हेंबर १९५४ रोजी स्वातंत्र्ययुद्ध सुरू झाले आणि अरब व अमाझिग एकत्र लढले. १९५६ ची सूम्माम परिषद काबिलियातच झाली. तिचे सूत्रधार आबान रमदान काबिल होते. १९६२ च्या एव्हियाँ करारावर अल्जीरियातर्फे सही करणारे क्रीम बेलकासेमही काबिलच.

पण १९६३ च्या राज्यघटनेत राष्ट्राची भाषा एकच ठरली, अरबी. मार्च १९८० मध्ये तिझी उझू विद्यापीठात मुलूद मामेरी यांचे जुन्या काबिल कवितेवर व्याख्यान होते. सरकारने त्यावर बंदी घातली. कवितेवरच्या व्याख्यानावर! विद्यार्थी उठले, संप झाले, शेकडोंना अटक झाली. २००१ मध्ये एका विद्यार्थ्याचा सुरक्षा दलाच्या ठाण्यात गोळी लागून मृत्यू झाला आणि काबिलिया पेटले. शंभरावर माणसे मेली. त्यानंतर २००२ मध्ये तमाझिग्त राष्ट्रीय भाषा झाली आणि २०१६ मध्ये अधिकृत भाषा.

फ्रेंचांनी अरब आणि काबिल यांच्यात फूट पाडायचा प्रयत्न केला होता, त्यामुळे राज्यकर्त्यांना फुटीची धास्ती होती, हे मला मान्य आहे. पण फूट भाषेमुळे पडते की भाषा नाकारल्यामुळे? ज्यांनी अरबीसाठी अन्याय सोसला, त्यांनी सत्तेवर येताच तोच अन्याय आपल्याच धर्मबांधवांवर करावा, याचे समर्थन इस्लामच्या नावाने तरी करता येणार नाही. सूरह रूममध्ये माणसांच्या वेगवेगळ्या भाषा अल्लाहच्या निशाण्यांमध्ये मोजल्या आहेत. निशाणी पुसून टाकायची नसते.

अरबी ही कुरआनची भाषा आहे. तिचा आदर अमाझिग मुसलमानही करतो आणि मीही करतो. उर्दूवरही माझे प्रेम आहे. पण माझी आई मला मराठीतच रागावायची आणि माझ्यासाठी दुआही मराठीतच मागायची. त्यामुळे मला तो प्रश्न पुन्हा कुणी विचारला, तर मी सांगेन: माझा दीन इस्लाम आहे आणि माझी भाषा मराठी. या दोघांत भांडण आहे असे मला कधी वाटले नाही.